डोंगराचं भांडण पायथ्याशी असतं

नोव्हेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अरवली डोंगरांची एक व्याख्या मान्य केली. आजूबाजूच्या जमिनीपेक्षा शंभर मीटर किंवा त्याहून जास्त उंच असेल तर तो अरवलीचा डोंगर. आणि असे दोन डोंगर एकमेकांपासून पाचशे मीटरच्या आत असतील तर ती अरवलीची रांग. खाणींना परवानगी कुठे द्यायची आणि कुठे नाही, हे यावरून ठरणार होतं. त्यामुळे राजस्थान-हरियाणात गदारोळ उठला आणि २९ डिसेंबरला न्यायालयानं स्वतःचाच निर्णय स्थगित ठेवला.

हीच फूटपट्टी पुण्यात लावून बघा. पर्वती समुद्रसपाटीपासून साधारण २१०० फूट, म्हणजे ६४० मीटर. पुणे शहर ५६० मीटरच्या आसपास. वजाबाकी केली की पर्वतीच्या वाट्याला ऐंशीएक मीटर येतात. नापास! पेशव्यांनी वर देवळं बांधली, पुणेकरांच्या कित्येक पिढ्यांनी तिथे पहाटे गुडघे झिजवले, पण शंभर काही भरत नाहीत. वेताळ टेकडी ८०० मीटरच्या घरात जाते, ती सुटली. ही व्याख्या अरवलीपुरतीच होती आणि पर्वतीला तिच्यापासून काही धोका नाही, हे खरं. पण ‘डोंगर किती उंच’ हा वाटतो तेवढा सरळ प्रश्न नाही, हे कळायला पर्वती बरी.

उंची म्हणजे दोन पातळ्यांमधला फरक. वरची पातळी डोंगरानं ठरवलेली असते. खालची माणूस ठरवतो. डोंगरांबद्दलचे जवळजवळ सगळे वाद या खालच्या टोकाचे असतात. भारतातलं सर्वांत उंच शिखर कुठलं इथपासून सिंहगडावर फोन वेगळा आकडा का दाखवतो इथपर्यंत.

समुद्रसपाटी म्हणजे नेमकी कुठली?

पुणे स्टेशनच्या फलाटावर टोकाला जो पिवळा फलक असतो, त्यावर गावाच्या नावाखाली समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. पुण्यापासून समुद्र शंभरावर किलोमीटर लांब. मग ही उंची कुणी आणि कशी मोजली?

समुद्राची पातळी क्षणाक्षणाला बदलते. भरती, ओहोटी, वारा, पावसाळा, आणि चंद्राच्या फिरण्याचं साडेअठरा वर्षांचं एक चक्र. म्हणून एखाद्या बंदरात पाण्याची पातळी वर्षानुवर्षं नोंदवतात, शक्यतो एकोणीस वर्षं, आणि तिची सरासरी काढतात. तीच समुद्रसपाटी. म्हणजे ही हिशेबातली पातळी आहे, समुद्र तिच्यावर क्वचितच थांबलेला सापडेल.

भारतात १९०९ साली जी पद्धत पक्की झाली, तिच्यात नऊ बंदरं धरली होती. त्यांत कराची होतं, मुंबईचं अपोलो बंदर होतं, कारवार, कोची, चेन्नई, विशाखापट्टणम होतं. या नऊ ठिकाणची सरासरी पातळी म्हणजे शून्य, असं मानून तिथून मोजणी देशभर आत आणली. एका ठिकाणी दुर्बीण, पुढे एक पट्टी, मागे एक पट्टी. दोन्ही पट्ट्यांवरच्या आकड्यांतला फरक लिहायचा आणि पुढे सरकायचं. समुद्रकाठापासून घाट चढत, गावं ओलांडत, हजारो किलोमीटर. वाटेत पुलांच्या कठड्यांवर, देवळांच्या जोत्यांवर, सरकारी इमारतींच्या पायऱ्यांवर खुणा कोरून ठेवल्या. त्यांना बेंचमार्क म्हणतात. पुढे कुणालाही उंची हवी असेल तर जवळची खूण गाठायची, समुद्रापर्यंत जायची गरज नाही.

सिंहगडावर फोन वेगळंच का बोलतो?

रविवारी सकाळी सिंहगडावर पोचलं की निम्मे लोक श्वास घेत असतात आणि उरलेले फोन काढून उंची बघत असतात. गडाची उंची १३१० मीटरच्या आसपास. एकाच्या फोनवर तेवढीच दिसते, शेजारच्याच्या फोनवर साडेबाराशेच्याही खाली. दोघांचे फोन चांगले, दोघांना आकाश मोकळं. तरी साठ-सत्तर मीटरची तफावत येते आणि दर वेळी ‘माझं ॲप जास्त अचूक’ हा वाद सुरू होतो.

कारण सांगायला दोन संज्ञा लागतील. पहिली ‘गणिती गोळा’. जीपीएसच्या उपग्रहांना समुद्र कळत नाही. त्यांच्या हिशेबात पृथ्वी म्हणजे विषुववृत्तावर फुगीर, ध्रुवांवर दबलेला, पण एकदम गुळगुळीत असा काल्पनिक गोळा. जीपीएस या गोळ्याच्या पृष्ठभागापासून उंची मोजतं.

दुसरी संज्ञा ‘जिऑइड’. समजा, सगळे समुद्र शांत झाले, वारा आणि भरती-ओहोटी थांबली, आणि जमिनीखालूनही पाणी कालव्यांनी एकमेकांना जोडलं. त्या पाण्याची जी पातळी होईल ती जिऑइड. ती गुळगुळीत नसते. पृथ्वीच्या पोटात कुठे जड खडक आहे, कुठे हलका. जिथे गुरुत्वाकर्षण जास्त तिथे पाणी गोळा होतं आणि पातळी वर उचलली जाते. जिथे कमी तिथे ती खाली जाते. समुद्रसपाटीपासूनची उंची म्हणजे या जिऑइडपासूनची उंची.

आता गंमत अशी, की जगातला सर्वांत खोल जिऑइडचा खड्डा आपल्याच दाराशी आहे. श्रीलंकेच्या दक्षिणेला हिंदी महासागराची पातळी गणिती गोळ्यापेक्षा शंभर मीटरहून जास्त खाली आहे. जहाजातून जाताना काही जाणवत नाही, कारण तिथला ‘खाली’ही त्याच हिशेबात बदललेला असतो. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या संशोधकांनी २०२३ मध्ये त्याचं कारण मांडलं. फार पूर्वी बुडालेल्या टेथिस महासागराचा तळ पृथ्वीच्या पोटात खोल गेला, त्यानं आफ्रिकेखालच्या उष्ण भागाला धक्का दिला, आणि तिथून निघालेला हलका, तापलेला पदार्थ हिंदी महासागराखाली पसरला.

या खड्ड्याची उतरण भारतभर पसरली आहे. पुण्याखाली जिऑइड गणिती गोळ्याच्या साठ-सत्तर मीटर खाली आहे. ज्या फोनमधलं ॲप हा फरक दुरुस्त करून देतं, ते १३१० सांगतं. जे उपग्रहाचा कच्चा आकडा तसाच पुढे ढकलतं, ते १२४५ वगैरे सांगतं. काही घड्याळं हवेच्या दाबावरून उंची काढतात. त्यांची तऱ्हा तिसरीच. दाब एका मिलिबारनं बदलला की उंची आठ-नऊ मीटरनं चुकते, आणि पावसाळ्यात तो तुम्ही जागेवर उभे असतानाही बदलतो.

जीपीएस आहे ना, मग समुद्र हवाच कशाला?

कारण पाणी जीपीएसचं ऐकत नाही. पाणी जिऑइडच्या हिशेबानं वाहतं. गणिती गोळ्यापासून मोजलेल्या उंचीवर विसंबून एखादा लांबचा कालवा खणला तर कागदावर उतार दिसेल आणि पाणी मात्र जागचं हलणार नाही, किंवा उलटं येईल. धरणाची भिंत, ड्रेनेजची लाइन, पुलाची पातळी, सगळं समुद्रसपाटीपासूनच्या उंचीवर ठरतं.

पुण्यात नदीकाठी फ्लॅट घेणाऱ्याला निळी आणि लाल पूररेषा हे शब्द पाठ झालेले असतात. पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची निळी, शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची लाल. या रेषा म्हणजेही पातळ्याच. अमुक इतके मीटर, समुद्रसपाटीपासून. तिथे साठ मीटर सोडा, साठ सेंटिमीटरची चूकही पार्किंगमध्ये पाणी आणायला पुरते.

हिमालयानं ओळंबा ओढला

समुद्रसपाटी देशात आत आणणं हे किती किचकट आहे, ते हिमालयापाशी कळतं. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर नेपाळच्या सीमा ब्रिटिशांना बंद होत्या. त्यामुळे सर्वेक्षकांनी तराईच्या सपाटीवरून, दीडशे किलोमीटरहून जास्त अंतरावरून, दुर्बिणी लावून शिखरांचे कोन मोजले. एवढ्या लांबून येणारा प्रकाश हवेतून वाकत येतो, तो किती वाकला याचा हिशेब. पृथ्वीच्या गोलाईचा हिशेब. आणि कोनांवरून उंची. हे गणित करणाऱ्यांत राधानाथ सिकदर होते. ‘पंधरा नंबरचं शिखर’ सगळ्यांत उंच आहे, हे १८५२ मध्ये त्यांच्या गणितातून पुढे आलं. १८५६ मध्ये आकडा जाहीर झाला: २९,००२ फूट. पुढे त्याला नाव मिळालं एव्हरेस्ट. तोपर्यंत जगात सर्वांत उंच म्हणून कांचनगंगेचा मान होता, आणि त्याआधी धवलगिरीचा.

याच मोजणीत एक विचित्र गोष्ट सापडली. मोजणीचं प्रत्येक यंत्र ओळंब्यानं सरळ करतात. गवंडी वापरतो तोच ओळंबा, दोरीला टांगलेलं वजन. पण शेजारी हिमालयाएवढा डोंगर असेल तर तो त्या वजनाला थोडं स्वतःकडे ओढणार. जॉन प्रॅट नावाच्या कलकत्त्यातल्या एका पाद्र्यानं १८५५ मध्ये हिशेब केला, की मध्य भारतातलं कल्याणपूर आणि हिमालयाच्या जवळचं कलियाना या दोन ठाण्यांमध्ये ओळंब्यात किती फरक पडायला हवा. उत्तर आलं सुमारे १५.९ विकला (एका अंशाचे ३६०० भाग केले की त्यातला एक). प्रत्यक्षात फरक होता ५.२ विकला. हिमालय जेवढा दिसत होता तेवढ्या वजनाचा वागत नव्हता.

त्याच वर्षी ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ जॉर्ज एअरी यांनी उत्तर सुचवलं. ताक घुसळल्यावर वर आलेला लोण्याचा गोळा आठवा. तो ताकावर जेवढा दिसतो त्याहून जास्त खाली बुडालेला असतो, आणि गोळा जितका मोठा तितका तो खोल. डोंगरांचंही तसंच. पृथ्वीचं हलकं कवच खालच्या जड थरावर तरंगतं. जिथे वर डोंगर, तिथे खाली तेवढंच जाड मूळ. दख्खनच्या पठाराखाली हे कवच पस्तीस-चाळीस किलोमीटर जाड आहे, हिमालय आणि तिबेटखाली सत्तरच्या घरात. खाली जड खडकाऐवजी हलकं मूळ असल्यानं ओळंब्याला ओढ कमी बसली. एव्हरेस्टचे पावणेनऊ किलोमीटर आपण पाठ करतो, पण ते वर धरून ठेवणारं त्याच्या कितीतरी पट खाली आहे. डोंगराचा पायथा शोधायला निघालं की असं पार जमिनीखाली उतरावं लागतं.

भारताचं भूपट्ट वर्षाला साधारण पाच सेंटिमीटर उत्तरेकडे सरकतं आहे. सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वी सुरू झालेली ही टक्कर अजून संपलेली नाही. हिमालय अजून उचलला जातो आहे आणि नद्या-हिमनद्या त्याला त्याच वेळी तासत आहेत.

शिखर कुठलं आणि नुसतं टोक कुठलं?

कांचनगंगेच्या पर्वतावर मुख्य शिखर ८५८६ मीटर. त्याच पर्वतावर पश्चिमेला यालुंग कांग नावाचं टोक आहे, ८५०५ मीटर. जगात आठ हजार मीटरच्या वरची शिखरं चौदा, असं आपण म्हणतो. त्या यादीत ८५१६ मीटरचं ल्होत्से आहे. यालुंग कांग नाही. अन्नपूर्णेपेक्षा चारशेहून जास्त मीटर उंच असूनही नाही. का?

इथे तिसरी आणि शेवटची संज्ञा: ‘उठाव’. एखाद्या शिखरावरून निघून त्याच्यापेक्षा उंच अशा कुठल्याही शिखरावर जायचं आहे. वाट तुम्हीच निवडायची, कमीत कमी उतरावं लागेल अशी. तरीही जेवढं उतरावंच लागेल, तेवढा त्या शिखराचा उठाव.

राजगड-तोरणा केलेल्यांना हे पायांनी माहीत आहे. राजगडाच्या संजीवनी माचीवरून उतरायचं, मग धारेवरून चालत राहायचं, मध्ये खिंडीत डांबरी रस्ता आडवा येतो तो ओलांडायचा, आणि मग तोरण्याची बुधला माची चढायची. तोरणा राजगडापेक्षा थोडा उंच. म्हणजे राजगडाच्या माथ्यापासून त्या धारेवरच्या सर्वांत खालच्या जागेपर्यंत जेवढं उतरलात, तेवढा राजगडाचा उठाव. दरीत उतरून गुंजवण्याला चहा घेऊन पुन्हा चढलात तर ती तुमची हौस, ती हिशेबात धरत नाहीत. सर्व्हे ऑफ इंडियाच्या टोपोशीटवर, म्हणजे जमिनीचा उंचसखलपणा दाखवणाऱ्या नकाशावर, हे बसल्या जागी मोजता येतं. समान उंचीच्या ठिकाणांना जोडणाऱ्या तपकिरी रेषा, म्हणजे समोच्च रेषा, त्यावर दर वीस मीटरला असतात. दोन्ही गडांना एकत्र वेढणारी सर्वांत वरची रेषा शोधायची आणि माथ्यापासून तिथपर्यंतच्या रेषा मोजायच्या.

ल्होत्सेवरून एव्हरेस्टला जायचं तर सहाशेहून जास्त मीटर उतरावं लागतं. यालुंग कांगवरून मुख्य शिखराकडे जायला त्यामानानं किरकोळ उतार आहे. म्हणून ल्होत्से स्वतंत्र शिखर आणि यालुंग कांग कांचनगंगेचा खांदा. स्वतंत्र म्हणायला किती उठाव हवा, हे मात्र पुन्हा माणसांनीच ठरवलेलं. निसर्गात तशी रेघ नाही.

उठावाच्या बाबतीत दक्षिण भारत मोठा मानी आहे. पश्चिम घाटातलं सर्वांत उंच शिखर केरळातलं आनैमुडी, २६९५ मीटर. हिमालयापुढे हा आकडा काहीच नाही. पण आनैमुडीपेक्षा उंच जमीन गाठायला थेट हिमालयच गाठावा लागतो, आणि त्या वाटेवर दोनशे-सव्वादोनशे मीटर उंचीपर्यंत उतरल्याशिवाय गत्यंतर नाही. म्हणजे आनैमुडीचा उठाव जवळजवळ २४८० मीटर. त्याच्या उंचीतलं बहुतेक सगळं त्याचं स्वतःचं आहे. निलगिरीतलं दोड्डबेट्टा २६३७ मीटर. तिथून आनैमुडीकडे जाताना पालघाट खिंडीपाशी चारशे मीटरच्या खाली यावं लागतं, म्हणून त्याचाही उठाव सव्वादोन हजारांच्या वर. हिमालयात याहून दुप्पट उंच अशी कित्येक टोकं आहेत, ज्यांना उठावाच्या हिशेबात कुणी विचारत नाही. माझ्या मते कुठलंही शिखर सांगताना उंचीबरोबर उठावही सांगायला हवा. शाळेच्या पुस्तकात तो कुठेच दिसत नाही.

भारतातलं सर्वांत उंच शिखर: उत्तरं तीन

सदाशिव पेठेतल्या कुठल्याही अभ्यासिकेत स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मुलांना हा प्रश्न विचारा. कुणी के-टू सांगेल, कुणी कांचनगंगा, आणि एखादा सावध मुलगा विचारेल, “पूर्णपणे भारतातलं की सीमेवरचं?” तिघांचंही बरोबर आहे, फक्त तिघांनी ‘भारत’ वेगवेगळ्या रेषेनं आखला आहे.

के-टू ८६११ मीटर. काराकोरममधलं हे शिखर भारताच्या अधिकृत नकाशात भारतात आहे. तो भाग पाकिस्तानच्या ताब्यात आहे आणि शिखर चीनच्या सीमेवर आहे. नकाशानं उत्तर द्यायचं तर के-टू. कांचनगंगा ८५८६ मीटर, शिखरावरून भारत-नेपाळ सीमा जाते. प्रत्यक्ष ताब्यातल्या भूमीनं उत्तर द्यायचं तर कांचनगंगा. सिक्कीमच्या बाजूनं तिच्यावर चढायला बंदी आहे. पुण्याच्या ‘गिरिप्रेमी’ संस्थेचे दहा गिर्यारोहक २०१९ मध्ये शिखरावर पोचले, तेही नेपाळच्या बाजूनं. आणि दुसऱ्या कुठल्याच देशाशी वाटून घ्यावं लागत नाही असं सर्वांत उंच शिखर म्हणजे उत्तराखंडातली नंदादेवी, ७८१६ मीटर. तिच्यामागे कामेत, ७७५६. तिकडे सियाचीनच्या बाजूला साल्तोरो कांग्री ७७४२.

या यादीत मे १९७५ हा महिना महत्त्वाचा. त्याआधी सिक्कीम भारतात नव्हतं. १६ मेला ते राज्य झालं आणि ताब्यातल्या भूमीवरचं सर्वांत उंच शिखर नंदादेवीऐवजी कांचनगंगा झालं. कुठलाही डोंगर एका इंचानंही हलला नव्हता.

पूर्व घाटाचा घोळ

परीक्षा देणाऱ्यांना छळणारा हा आणखी एक प्रश्न. शाळेच्या भूगोलात पूर्व घाटातलं सर्वांत उंच शिखर महेंद्रगिरी, १५०१ मीटर. पण ओडिशातल्या कोरापूट जिल्ह्यात देवमाळी १६७२ मीटर आहे, आणि आंध्रात अरमा कोंडा १६८० मीटर. महेंद्रगिरी किनाऱ्याजवळ एकटाच उठून दिसतो, पुराणांत त्याचं नाव आहे, म्हणून तो पुस्तकांत बसला तो बसला. पूर्व घाट ही एक सलग रांग नाहीच. गोदावरी, कृष्णा, महानदी यांनी तिचे तुकडे केले आहेत. कुठला तुकडा पूर्व घाटात धरायचा, यावर उत्तर ठरतं. परीक्षेत पुस्तकातलं लिहा, खरं दुसरं आहे.

सह्याद्रीला पायथा एकाच बाजूला

मुंबईहून येणारी गाडी कर्जतला थांबते आणि मागे जादा इंजिनं लागतात. बोरघाटाची चढण एकास सदतीस, म्हणजे सदतीस मीटर पुढे गेलं की एक मीटर वर. कर्जत शंभर मीटरच्याही आत, लोणावळा ६२० च्या आसपास. आता उलट बाजूनं बघा. पुणे ५६०, लोणावळा ६२०. पुण्याहून लोणावळ्याला जाणारी लोकल चौसष्टएक किलोमीटरमध्ये जेमतेम साठ मीटर चढते. जादा इंजिन तर सोडाच, कुणाला चढ आहे हेही कळत नाही.

एकच डोंगर, पण कोकणातून तो भिंत आहे आणि देशावरून पठाराची कड. कारण सह्याद्री हिमालयासारखा टकरीनं वर उचललेला नाही. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थरावर थर साचून पठार झालं. पश्चिमेकडची जमीन तुटून, खचून, झिजून गेली आणि उरलेल्या पठाराची कड आपण सह्याद्री म्हणून ओळखतो. कळसूबाई १६४६ मीटर, साल्हेर १५६७, महाबळेश्वरचं सर्वांत उंच टोक १४३८, हरिश्चंद्रगड १४२४, तोरणा १४०० च्या वर. या आकड्यांमध्ये दख्खनच्या पठाराचाही मोठा वाटा आहे. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर पोटावर झोपून खाली बघणारा आणि खिरेश्वरहून चढून आलेला माणूस एकच असला तरी त्यानं दोन वेगळ्या उंच्या अनुभवलेल्या असतात.

शिखरावर काही वाद नसतो का?

असतो, पण लहान. एव्हरेस्टच्या माथ्यावर बर्फ आहे. तो धरायचा की खालचा खडक? चीननं २००५ मध्ये खडकापर्यंत मोजून ८८४४.४३ मीटर सांगितलं. भारताच्या सर्व्हेनं १९५५ मध्ये दिलेला ८८४८ चा आकडा बर्फासकट होता. डिसेंबर २०२० मध्ये नेपाळ आणि चीननं मिळून ८८४८.८६ जाहीर केला, बर्फासकट. म्हणजे वरच्या टोकाचा वाद चार मीटरचा.

खालचं टोक बदला आणि बघा काय होतं. पृथ्वीच्या केंद्रापासून मोजलं तर इक्वेडोरचं चिंबोराझो, जेमतेम ६२६३ मीटरचं, एव्हरेस्टच्या पुढे जातं, कारण ते विषुववृत्ताजवळच्या फुगवट्यावर बसलं आहे. समुद्राच्या तळापासून मोजलं तर हवाईचं मौना केआ दहा किलोमीटरच्या वर जातं, आणि त्यातलं पाण्याबाहेर दिसतं जेमतेम ४२०० मीटर.

मग सगळेच आकडे मनाचे का? अजिबात नाही. कुठून मोजलं ते एकदा सांगितलं की आकडा पक्का असतो, सेंटिमीटरपर्यंत. कुठून मोजलं हे न सांगता दिलेला आकडा मात्र संशयानंच बघावा.

शंभर मीटर आणि एकास पाच

आता अरवलीकडे परत. अरवली ही जगातल्या सर्वांत जुन्या डोंगररांगांपैकी एक, शंभर कोटी वर्षांहून जुनी. ती झिजून झिजून बुटकी झाली आहे. आबूचं गुरुशिखर १७२२ मीटर, कळसूबाईपेक्षाही उंच. पण उत्तरेकडे हरियाणा-दिल्लीपर्यंत गेलं की उरतात त्या बऱ्याचशा खडकाळ टेकाडांच्या ओळी. त्या थरच्या वाळवंटातली धूळ अडवतात आणि पावसाचं पाणी जमिनीत मुरवतात. या कामासाठी शंभर मीटर उंच असावं लागत नाही. चाळीस मीटरच्या टेकाडावरही पाणी तेवढंच मुरतं.

व्याख्येत उंची मोजायची होती ती डोंगराला पूर्ण वेढणाऱ्या सर्वांत खालच्या समोच्च रेषेपासून. सरकारचं म्हणणं असं, की त्या रेषेच्या आतले सगळे उतार आणि दोन डोंगरांमधली जागा यांनाही संरक्षण मिळणारच, म्हणजे वगळलं जाणारं क्षेत्र थोडंच. विरोध करणाऱ्यांचं म्हणणं, शंभरच्या आतली टेकाडं मोकळी सुटतील. मला दुसऱ्या बाजूचं जास्त पटतं. कारण उंचीची एकच रेघ ठरवली की सगळी भांडणं ‘खालची रेषा कुठली’ यावर येतात, आणि ती रेषा पटवारी, खाणमालक आणि वनखातं वेगवेगळ्या ठिकाणी काढू शकतात.

पुण्यानं टेकड्यांसाठी वेगळी फूटपट्टी निवडली: उतार. एकास पाचपेक्षा जास्त उतार असेल, म्हणजे पाच मीटर आडवं गेल्यावर एक मीटरहून जास्त चढ असेल, तर तिथे बांधकाम नाही. साधारण अकरा अंश. शहरात आलेल्या तेवीस गावांमधली ९७८ हेक्टर टेकड्यांची जमीन जैववैविध्य उद्यानासाठी, म्हणजे बीडीपीसाठी, राखीव झाली. उताराची ही कसोटी उंचीपेक्षा शहाणी आहे. पर्वती शंभर मीटर भरत नसली तरी तिचा उतार काही एकास पाचच्या आत नाही.

पण उतार बदलता येतो. जेसीबी रात्री टेकडीच्या पायथ्याशी लागतो, मुरूम ट्रकमधून जातो, उरलेला राडारोडा खालच्या बाजूला पसरून सपाट केला जातो. याला पुण्यात टेकडीफोड म्हणतात. काही महिन्यांनी तिथे मोजणी झाली तर एकास पाचची जागा एकास आठ निघते आणि कागद स्वच्छ असतो. म्हणून टेकडीलगतच्या प्रकल्पाचा नकाशा हातात आला की त्यावर दोन गोष्टी शोधा: समोच्च रेषा, आणि त्या कुठल्या वर्षीच्या सर्वेक्षणातून घेतल्या ते वर्ष. मग जुनी टोपोशीट शेजारी ठेवा. सर्व्हे ऑफ इंडियाच्या संकेतस्थळावरून टोपोशीट फुकट उतरवता येते. वीस मीटरच्या अंतरानं काढलेल्या रेषांवर छोटी खणाखणी दिसणार नाही, पण टेकडीची एखादी बाजूच गायब झाली असेल तर ती नक्की दिसते.